गाळाची रेघ

"नदीकाठच्या वस्तीत एकही घर पूर्ण पडलेलं नाही?" मुख्याधिकारी साहेबांनी माझी यादी उलटसुलट पाहिली. "आणि वरच्या पेठेत सात?"

कोडं मलाही पडलं होतं. मी नगरपरिषदेत ज्युनियर इंजिनिअर. पूर ओसरला की घरोघर जाऊन पंचनामा करायचा, म्हणजे काय पडलं ते पाहून फोटो काढायचा, फॉर्म भरायचा. पूर्ण पडलेल्याला नवं घर, तडे गेलेल्याला दुरुस्ती. पाणी वस्तीत छातीएवढं होतं, पेठेत जेमतेम उंबऱ्याला लागलेलं. मग घरं तिकडे कशी पडली?

टेप घेऊन पुन्हा वस्तीत गेले. गवंड्याच्या हाताखाली काम करणाऱ्या शांताबाई आपल्याच घराची भिंत लिंपत होत्या.

"शांताबाई, तुमचं घर पडलं होतं?"

"पडलं ना मॅडम. तीन भिंती गेल्या."

"मग परवा सांगितलं का नाही?"

"तुम्ही इचारलंच कुठी? घर उभं दिसलं, लिहून निघून गेल्या. पोरी घेऊन उघड्यावर किती दिवस राहू? त्याच इटा धुतल्या अन् रचल्या."

पेठेत पडलेली सातही घरं जुनी, बंद होती. मालक दुसरीकडे राहत होते. पंचनामा होईपर्यंत ढिगाऱ्याला हात लावायची त्यांना गरजच नव्हती.

पण पुरावा? मी शांताबाईंच्या घरात गेले. मागच्या भिंतीवर पुराच्या गाळाची तपकिरी रेघ होती. कोपऱ्यापाशी ती अचानक तुटत होती. उरलेल्या तिन्ही भिंती कोऱ्या. म्हणजे रेघ नसलेली भिंत पुरानंतरची! मी वस्तीतलं प्रत्येक घर तसं तपासलं.

"नियमात पडलेल्या घराचा फोटो लागतो," साहेब म्हणाले.

"सर, पाणी एकाच भिंतीला लागून बाकीच्या सोडतं का?"

त्यांनी फोटो पुन्हा निरखले. "जोडा. वर मी बोलतो."

अकरा घरं मंजूर झाली, शांताबाईंचंही. चार नामंजूर. त्या चौघांच्या चारही भिंती गेल्या होत्या, त्यामुळे रेघ दाखवायला जुनी भिंतच नव्हती, आणि पुराआधी तिथे घर होतं हेच वर कुणी मानेना. ज्यांचं सगळं गेलं, तेच राहिले.

"शेजारच्या सुमनचं काऊन नाही झालं?" शांताबाईंनी विचारलं. मी अपिलाचा अर्ज लिहून दिला. तो अजून वरच्या ऑफिसात आहे.

आता पंचनाम्याला गेले की भिंत नंतर पाहते. आधी दारातल्या माणसाला विचारते, काय झालं होतं. फॉर्ममध्ये त्यासाठी रकाना नाही. मी मागच्या बाजूला लिहिते.