शिवकांताकाकूंनी आणलेली वाजंत्री

भाच्याचा फोन आला, "आत्या, शिवकांताकाकू गेल्या." इथं नांदेडला माझी तव्यावरची भाकरी करपून गेली, तरी मी जागची हलले नाही. नव्वदीला टेकलेलं माणूस, जाणारच होतं... पण मनाला पटायला नको?

उदगीरजवळच्या आमच्या गावात काकूंची आणि आमची भिंत एकच. लातूर नवा जिल्हा झाला, त्या सुमारास पावसानं दगा दिला होता. 'जिल्ह्याला बांधकामं निघालीत' म्हणून गल्लीतली तीन पोरं कामाला निघाली. पंधरा-सोळा वर्षांची. काकूंचा लेक बसू त्यातलाच. ती लातूरला पोचलीच नाहीत. गल्लीतली माणसं पार हैदराबादपर्यंत शोधून आली, पोलिसांचे उंबरे झिजवले... काही म्हणता काही कळलं नाही.

मग गल्लीनं आपणहून ठरवलं, पोरं येईस्तोवर इथं वाजंत्री वाजायची नाही. पोरांच्या तिघी आयांच्या जिवाला लागायला नको म्हणून. माया खरी, पण लग्नघरंसुद्धा सुतक असल्यासारखी कुजबुजायला लागली. वर्षानुवर्षं हेच!

त्यात माझं लग्न ठरलं. नवऱ्याकडचे अडून बसले, "वाजंत्री नसंल तर वऱ्हाड माघारी नेऊ." आई रडकुंडीला आली. काकूंना विचारायची छाती कुणाची? अन् लग्नाच्या सकाळी काकूच हलगीवाल्यांना घेऊन गल्लीत शिरल्या! माझे वडील आडवे गेले, "वैनी, हे काय करायलात?"

"गाव असं मेल्यागत पडलं, तर माझं लेकरू दुसरंच गाव समजून पुढं जाईल की! वाजवा रे, लई जोरात वाजवा." मग माझ्याकडं वळून म्हणाल्या, "अन् तू गं, रडतीस काय? नवऱ्याचे कान बघितलेस का, सुपाएवढे हायेत!" मी रडता रडता हसले. त्या दिवसापासून गल्लीत पुन्हा लग्नं वाजायला लागली.

आमच्या लिंगायतांत गेलेल्या माणसाला बसवून नेतात. मी गावी पोचले, तोवर काकूंनाही फुलांनी सजवलेल्या पालखीत, विमानात बसवलं होतं. हलगी लावा, हे त्यांनीच सांगून ठेवलेलं. मनात येत होतं, काकू थकल्या पण बसूची वाट काही संपली नाही. वेशीत विमान थांबलं, हलगी कडाडली, तशी सगळ्यांची तोंडं लातूरच्या रस्त्याकडं वळली... बसूला ज्यांनी कधी पाहिलंच नाही, त्या शाळकरी पोरांचीसुद्धा.