माग इथे थांबतो

आमच्या पेशीबाई आपलं लिखाण कुणाला वाचायला दिलं की खोलीत थांबायच्या नाहीत. कागद हातात ठेवायच्या, पंखा लावून द्यायच्या आणि चपला सरकवून बाहेर व्हरांड्यात जायच्या. वाचून झालं की आपण हाक मारायची, "बाई, या आत." मग त्या समोर येऊन बसायच्या आणि आपण कागद पालथा ठेवून त्यांना सगळं सांगायचं. "कळलं का?" असं त्यांनी कधी कुणाला विचारलं नाही. त्या म्हणायच्या, "कळलं का विचारलं की आपली पोरं माना हलवतात. मास्तरांचं मन कोण मोडणार? आणि मी समोर बसले की माझ्या तोंडाकडं बघून अंदाज बांधतात. पुस्तक पोराच्या घरी जातं तेव्हा मी काय त्याच्या पिशवीत बसून जाते?"

सोलापुरातल्या एका कॉलेजात त्या जीवशास्त्र शिकवायच्या. पेशी हा त्यांचा जीव की प्राण, म्हणून आधीच्या कुठल्यातरी बॅचनं त्यांना पेशीबाई केलं. नाव चेष्टेनं ठेवलेलं. बाईंच्या कानावर गेलं तेव्हा त्या एवढंच म्हणाल्या की, आईवडलांना याहून बरं नाव सुचलं नव्हतं. त्यानंतर चेष्टेतली मजाच गेली आणि नाव तेवढं राहिलं.

मी शहराच्या पूर्व भागातल्या, विणकरांच्या वस्तीतल्या एका विणकराची मुलगी. घरी तेलुगू, गल्लीत मराठी, आणि कॉलेजात गेल्यावर एकदम इंग्रजी. पहिल्या वर्षी मी पेशीची आकृती इतकी सुरेख काढायचे की बाकीच्या पोरी माझ्या वहीवरून उतरवून घ्यायच्या. तिच्यातला एकही भाग काय काम करतो ते मला ठाऊक नव्हतं. बाईंनी एकदा ती आकृती पाहिली, छान म्हणाल्या आणि संध्याकाळी घरी यायला सांगितलं. मला वाटलं कौतुक होणार. त्यांनी माझ्या हातात चार कागद दिले आणि त्या व्हरांड्यात निघून गेल्या.

बाईंच्या घरात पाहुण्याला बसायला जागा कमी आणि पुस्तकांना जास्त होती. पेशीवरची जाडजूड इंग्रजी पुस्तकं त्या पुण्याहून जुनी घेऊन यायच्या आणि त्यांना चादरीच्या उरलेल्या तुकड्यांची कव्हरं शिवायच्या. त्यामुळं त्यांचं कपाट लांबून अंथरुणाच्या दुकानासारखं दिसायचं. एकेक पुस्तक मांडीवर घेतलं की पाय बधिर व्हावा. एकदा असंच एक पुस्तक मिटून त्या म्हणाल्या, "हे लिहिणारा माणूस फार हुशार आहे बघ. पण त्याला आपल्या मैंदर्गीसारख्या गावातलं पोर माहीत नाही. त्यात त्याची काही चूक नाही. मला दोन्ही माहीत आहेत, म्हणजे हे काम माझ्या अंगावर आलं." असं म्हणून त्यांनी मराठीत पुस्तक लिहायला घेतलं. पेशी कशी चालते ते खेड्यातल्या पोराला एकट्यानं वाचून कळावं, शिकवायला कुणी नसलं तरी कळावं, एवढाच त्यांचा हट्ट होता.

वर्गात त्या पेशी समजावायच्या ती मागावरून. सोलापूरच आहे, दुसरं काय घेणार? चादरीवरच्या नक्षीचा मूळ कागद मालकाच्या कपाटात असतो, तो काही मागावर येत नाही. त्यावरून भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ तयार होते, ती मागावर चढते आणि माग तिच्याप्रमाणे विणतो. तसंच केंद्रकातला डीएनए केंद्रकातच राहतो, त्याची नक्कल तेवढी बाहेर येते आणि रायबोसोम तिच्याप्रमाणे प्रथिन विणतो. मी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा आमचं अख्खं घर माझ्या डोक्यात एकदम नीट लागलं. माझ्या बापाचा माग मला लहानपणापासून फक्त ऐकू यायचा. त्या दिवशी तो मला दिसला.

पण याच मागानं एकदा बाईंची फजिती केली. आमच्या प्रॅक्टिकलच्या तोंडी परीक्षेला बाहेरगावचे परीक्षक आले होते. त्यांनी मैंदर्गीच्या मल्लिनाथला विचारलं, रायबोसोम म्हणजे काय? मल्लिनाथ ताठ मानेनं म्हणाला, "माग, सर." परीक्षकांना वाटलं पोरगं थट्टा करतंय. त्यांनी विचारलं, कसला माग? मल्लिनाथ म्हणाला, "बाईंचा." मग परीक्षकांनीही खोलात जायचं ठरवलं. म्हणाले, बरं, माग कसा असतो ते तरी सांग. आणि मल्लिनाथला तेही सांगता येईना. मैंदर्गीत त्याच्या घरी ज्वारी आणि तूर, घरची बोली कन्नड. त्यानं जन्मात माग बघितलेला नव्हता. आम्ही रांगेत उभ्या राहून हसू दाबत होतो. बाईंच्या तोंडावरचा रंग मात्र उडाला होता.

परीक्षक जाताना दोन शब्द सुनावून गेले. आम्हाला वाटलं बाई त्यांच्या नावानं बोटं मोडतील. त्या म्हणाल्या, "साहेब बरोबर बोलले. पोराला पेशीही आली नाही आणि मागही आला नाही. मी त्याला एका न बघितलेल्या वस्तूवरून दुसरी न बघितलेली वस्तू शिकवली." पुढच्या रविवारी त्या सगळ्या वर्गाला घेऊन आमच्या घरी हजर. माझ्या नान्नांनी, म्हणजे वडलांनी, माग थांबवला, पुन्हा सुरू केला, पुठ्ठे सरकताना दाखवले. मल्लिनाथ मागासमोरून हलायला तयार नव्हता. नान्नांनी भीत भीत विचारलं, "मॅडम, आमचा माग पुस्तकात कशाला घालताय? लोक हसतील की." बाई म्हणाल्या, "हसू देत. पोर तुमच्या मागाच्या दारातनं पेशीत शिरतं, म्हणून पुस्तकाचं दार तुमचं."

त्या आठवड्यापासून त्यांच्या लिखाणात एक नवी गोष्ट आली. प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी "माग इथे थांबतो" असं लिहून त्या उपमा कुठं अपुरी पडते ते सांगायच्या. माग दुसरा माग विणत नाही. पेशी स्वतःचे रायबोसोमही स्वतःच घडवते. मागाला मालक लागतो. पेशीत मालक म्हणून कुणी बसलेला नाही. आज मी पदव्या घेऊन, परिषदांना जाऊन आले. पण विज्ञान म्हणजे काय हे मी त्या तीन शब्दांत शिकले, असं मी कुठंही छाती पुढं काढून सांगते.

पुण्याच्या एका प्रकाशकानं पुस्तक छापायची तयारी दाखवली होती, पण मागाचा भाग गाळा म्हणाला. सगळीकडच्या वाचकाला ते कळणार नाही म्हणे. बाईंनी कागद परत मागवले. शेवटी लग्नपत्रिका छापणाऱ्या आपल्या गावातल्याच एका प्रेसनं ते छापलं. मुखपृष्ठावर पेशी आणि चारी बाजूंनी पत्रिकेची वेलबुट्टी. पुढं कुणीतरी त्याची झेरॉक्स काढून स्पायरल बांधलेली प्रत बाईंना दाखवली, की बघा, चोरी चालली आहे. बाईंनी ती प्रत उलटून पालटून पाहिली आणि अशा काही खुलल्या की विचारू नका. चोरून न्यावंसं वाटलं म्हणजे आपल्या पुस्तकाला काहीतरी अर्थ आहे, असं त्यांचं म्हणणं.

पुस्तकातलं शेवटचं प्रकरण मात्र छापल्यावरही त्यांना अखेरपर्यंत छळत राहिलं, पेशीच्या मरणाचं. पेशी ठरल्या वेळी आपण होऊन जाते, आपला पसारा आवरते, लहान लहान पुडक्यांत बांधते आणि शेजारच्या पेशी ती पुडकी उचलून पोटात घेतात. आईच्या पोटात बाळाची बोटं सुटी होतात ती मधल्या पेशी अशा निघून जातात म्हणून. याला मागावरून काही सापडेना. बाई म्हणायच्या, "आपल्या गावात गिरण्या बंद पडल्या त्या अशा नाही पडल्या. गंजत उभ्या राहिल्या." मग त्यांनी ते प्रकरण उपमेशिवायच लिहिलं आणि त्याची पहिलीच ओळ केली, "इथे माग सुरूच होत नाही." मी वाचून त्यांना धडाधड सगळं सांगितलं. त्यांनी मान हलवली. "तुझं धरायचं नाही आता. तू माझ्याबरोबर इतकी वर्षं काढलीस, माझं अर्धं न लिहिलेलंही तुला कळतं. माझा आवाज कधी न ऐकलेलं कुणीतरी पाहिजे."

तसं कुणी मिळेपर्यंत त्यांची तब्येत थांबली नाही. हृदय दमलं होतं. शेवटच्या आजारात मी भेटायला गेले की एकच विचारणं, "मिळालं का कुणी?" मी म्हणायचे, मिळेल की बाई. बाई गेल्या तेव्हा मी रडले ती त्या गेल्या म्हणून, आणि त्यांना त्या प्रकरणाचा निकाल कळला नाही म्हणूनही.

आता मी त्यांच्याच कॉलेजात, त्यांचाच विषय शिकवते. यंदा मंगळवेढ्याकडच्या एका वाडीवरून रुक्मिणी नावाची मुलगी आली. मेंढपाळाच्या घरातली, वर्गात तोंड न उघडणारी. एका दुपारी मी तिला प्रयोगशाळेत बसवलं, बाईंचं शेवटचं प्रकरण उघडून दिलं, पंखा लावला आणि बाहेर व्हरांड्यात जाऊन उभी राहिले. तेव्हा मला कळलं की बाई तिथं उभ्या राहून काय सोसत असतील.

बऱ्याच वेळानं हाक आली. मी आत जाऊन बसले. रुक्मिणीनं पुस्तक पालथं ठेवलं.

"मॅडम, आमी मेंढरं घेऊन लोकांच्या रानात बसतो. निगायची येळ झाली की चूल इजवायची, बोचकी बांदायची, रान झाडून द्यायचं. मागं घाण ठेवायची न्हाय. पेशी तसंच करती. न्हाय केलं तर शेजारच्यांना तरास." तिनं आपला पंजा पसरून बोटांमधली जागा दाखवली. "हितल्या पेशी अशाच निगून गेल्या, म्हनून बोटं सुटी झाली."

मी काही बोलणार तोच ती घाईनं पुढं म्हणाली, "पर पुस्तकातल्या मागावानी मेंढरं बी हितंच थांबत्यात, मॅडम. आमी दुसऱ्या रानात जातो. पेशी कुटंच जात न्हाय. तिची बोचकी शेजारी उचलत्यात, तेच्यातलं कामाचं असंल ते वापरत्यात."

"हे तुला कुणी सांगितलं?" मी विचारलं.

"कुनी न्हाय," ती गोंधळून म्हणाली. "पुस्तकात हाय की."

मी वळून व्हरांड्याच्या दाराकडं पाहिलं. इतक्या वर्षांची सवय, तोंडातून शब्द निघूनच गेले.

"बाई, या आत."