ओत्तोरिनोने चावलेला टोमॅटो

मला अजून खरं वाटत नाही. इतकी वर्षं झाली, तरी तो रविवार आठवला की हातातलं काम तसंच राहतं.

ओत्तोरिनो कोमुत्सी आमच्याच गल्लीतला. १९५१ साली, बारा वर्षांचा असताना, आईचा हात धरून इटलीतल्या फ्रिउलीहून कॅनडात, ब्रिटिश कोलंबियातल्या या भट्टीच्या गावात आला. बाप आधीपासून इथे शिसं वितळवत होता. सतराव्या वर्षी तोही भट्टीवर लागला. मग युनियन, मग नगरपालिका, आणि १९७२ ला थेट प्रांताची विधानसभा! शाळेत आम्हाला 'लसूणखाऊ' म्हणून चिडवणारे लोक आता त्याचा हात हातात घ्यायला धडपडायचे. आमच्या माना ताठ झाल्या. माझ्या लिव्हियाच्या बाप्तिस्म्याला धर्मपिता म्हणून मी त्यालाच उभं केलं. तेव्हापासून तो माझा कोम्पारे, मी त्याची कोमारे. आमच्यात हे नातं सख्ख्या भावाच्या वर.

त्याची आई एर्मिनिया म्हणजे सगळ्या गल्लीची नोना, आजी. कोटाच्या अस्तरात टोमॅटोचं बी शिवून आणलेली बाई. नवऱ्याचे नि मुलाचे भट्टीतले कपडे ती अंगणातल्या टबात धुवायची आणि ते राखाडी पाणी वाफ्यांत ओतायची. आम्ही नव्या सुना मोरीत पाणी सोडायला गेलो की झापायची, "अगं, गावाकडे मैलभरावरून आणायचो पाणी. फेकतेस काय? लाज नाही वाटत?" मग आम्हीही तसंच करायला लागलो. टोमॅटो काय यायचे!

१९७५ च्या निवडणुकीआधी, टोमॅटोच्या हंगामात, कुठून तरी एक डॉक्टर उगवला. म्हणे, इथल्या मातीत शिसं आहे, पोरांना बागेतलं काही देऊ नका. गल्ली हादरली. ओत्तोरिनोने चर्चच्या हॉलमध्ये सभा घेतली. नोनाच्या टोमॅटोंची टोपली धरून मी शेजारीच उभी होते, दोन वर्षांची लिव्हिया त्याच्या कडेवर. त्याने सगळ्यात मोठा टोमॅटो उचलला आणि कचकन चावला.

"बघा! आईच्या हातचं खाऊन एवढा वाढलोय. मेलोय का मी?"

"पोट तेवढं सुटलंय!" मागून कुणीतरी ओरडलं. हॉलभर हशा. उरलेला अर्धा टोमॅटो त्याने लिव्हियाच्या हातात दिला. तिचा फ्रॉक लाल झाला, टाळ्या पडल्या. तो दणकून निवडून आला, आणि आम्ही निर्धास्त खात राहिलो.

लिव्हिया शाळेत दोनदा नापास झाली. वाचलेलं तिच्या डोक्यात राहायचंच नाही. "आळशी आहेस नुसती," मी म्हणायचे. हातही उचलला मी तिच्यावर.

पुढे ओत्तोरिनो एका निवडणुकीत हरला, तेव्हा सरकारने त्याला प्रांताच्या पर्यावरण मंडळाचा अध्यक्ष केलं. १९९० मध्ये त्याच मंडळाची माणसं आमच्या अंगणांतली माती आणि लहान पोरांचं रक्त तपासायला घेऊन गेली. मी त्याला जेवायला बोलावलं. त्याच्या आवडीचं फ्रिको केलं, चीज-बटाट्याचं, कडा कुरकुरीत.

"कोम्पारे, आपल्या गल्लीचं तेवढं सांभाळून घे हं."

त्याने ताटाला हात लावला नाही. "रविवारी हॉलमध्ये ये. लिव्हियालाही आण," एवढंच बोलला.

रविवारी प्रार्थना संपल्यावर सगळे तिथेच थांबलो. त्याने यादी वाचायला घेतली. शिशाचा सगळ्यात मोठा आकडा त्याच्याच आईच्या अंगणाचा.

"माझं अंगण?" पहिल्या रांगेतून नोना म्हणाली.

"हो आई. भट्टीच्या कपड्यांचं पाणी." मग त्याने खिशातून एक पिवळा पडलेला कागद काढला. "डॉक्टरचा हा अहवाल सभेच्या आदल्या दिवशी मला मिळाला होता. शिशाने लहान पोरांच्या मेंदूवर परिणाम होतो, असं यात लिहिलंय. मी वाचला होता. टोमॅटो चावला तेव्हा हा माझ्या खिशात होता."

मी उभी राहिले. "आणि लिव्हियाच्या हातात दिलास तेव्हा?"

"तेव्हाही, कोमारे."

नोनाने डोक्यावरचा रुमाल सोडला आणि तोंडावर धरला. तो गप्प बसला असता तर कुणालाही कळलं नसतं, हे मला समजतं. पण ते समजून मी काय करू? माझ्या हातातल्या टोपलीतला टोमॅटो होता तो.

शेजारून लिव्हियाने माझी बाही ओढली. सतरा वर्षांची पोर, शाळा सोडून लाँड्रीत इस्त्री करणारी.

"आई," ती हळूच म्हणाली, "म्हणजे मी आळशी नव्हते ना?"

तिचा चेहरा उजळला होता.