इरम्मानं काढलेल्या देवी

इरम्माला घरात बसवत नसे. जळकोटापासून दोन कोसांवरच्या आमच्या वाडीत तिचं घर होतं. नवरा शिवप्पा शेत बघायचा आणि ही बांगड्यांचं मलार खांद्यावर टाकून दिवस उगवायच्या आत बाहेर पडायची, आज या गावाला तर उद्या त्या. बाईचा हात हातात घेऊन बोटांची मुळं ती अशी दाबायची, की बांगडी कधी वर चढली ते कळायचंसुद्धा नाही. लहानपणी तिला देवी येऊन गेल्या होत्या आणि तोंडभर वण होते. पोरं ‘चाळणी’ म्हणून चिडवायची, तर ती हसायची.

एक गोष्ट मात्र ती कुणाला सांगत नसे. सेहेचाळीस साली निजाम सरकारचा देवी काढणारा, म्हणजे देवीची लस टोचणारा, माणूस वाडीत येऊन गेला होता. चार वर्षांच्या चन्नम्माला, आपल्या एकुलत्या लेकीला, तिनं त्या दिवशी कडब्याच्या गंजीमागं लपवलं होतं. आधीची दोन लेकरं तापानं गेली होती. देवी काढल्या की दंड सुजतो, ताप येतो, एवढंच तिला माहीत होतं. तो माणूस गेला, पुन्हा आला नाही.

अठ्ठेचाळीस सालच्या उन्हाळ्यात नळदुर्गाकडच्या गावांमधून देवी आल्याच्या बातम्या येऊ लागल्या. दिवस आधीच वाईट होते. रझाकारांच्या भीतीनं माणसं गावं सोडून सोलापूरकडं चालली होती, सरहद्दीवर माल अडला होता. सोलापूरच्या बांगड्या बंद, रॉकेल बंद, औषधं बंद. देवी काढणाऱ्याची वाट बघण्यात अर्थ नव्हता. आणि मग आमच्या वाडीत दगडाबाईची थोरली पोर तापली. तिसऱ्या दिवशी तिच्या कपाळावर पुरळ दिसलं, दाराला कडुलिंबाचा टाळा बांधला गेला, आणि अकराव्या दिवशी पोर गेली.

दगडाबाईच्या घरी जायला कुणी धजत नव्हतं. इरम्मा गेली. तिला पुन्हा देवी येणार नव्हत्या. दगडाबाई धाकटीला, पाच वर्षांच्या कडूला, मांडीवर दाबून बसली होती. इरम्मानं सवयीनं पोरीचा हात धरला, बाही वर सारली आणि दंड बघितला. देवी काढल्याचा वण नव्हता.

त्या दिवसापासून इरम्माला एकच छंद लागला. दिसेल त्या लेकराचा दंड ती बघायची. कुणाच्या दंडावर गोल वण आहे, कुणाच्या नाही. कुठलं पोर मागच्या खेपेला आजोळी होतं, कुठलं नंतर जन्मलं, कुठलं आईनं लपवलं. एकतीस लेकरं निघाली. भाकरी थापतानाही ती ती नावं पुटपुटायची आणि चन्नम्माच्या नावाला आली की थांबायची.

वाडीच्या मठात शांतलिंग स्वामी राहत. सत्तरीचे जंगम, हाताला गुण असलेले. त्यांच्याकडं आजोबांनी मोडीत लिहिलेलं एक जुनं बाड होतं. इंग्रजी लस इकडं यायच्या आधी हे आजोबा गावोगाव देवी टोचायचे. स्वामींनी इरम्माला बोलावून घेतलं आणि तो मजकूर डोळ्यांशी धरून वाचून दाखवला.

“ऐक. ‘ज्यास देवी विरळ आल्या व जो सुखरूप उठला, त्याची खपली घ्यावी. कापसात बांधून थंड जागी ठेवावी. पाण्यात कालवून निरोग्याच्या कोपराखाली सुईनं ओरखडून लावावी. आठवे दिवशी ताप येईल, फोड मोजके येतील, नंतर जन्मभर भय नाही.’ इरम्मा, तू दहा गावं फिरतीस. असं माणूस हुडकून खपल्या आण.”

इरम्मा दुसऱ्याच दिवशी निघाली. तिसऱ्या गावात एक गुराखीण पोर सापडली, तोंडावर जेमतेम वीस फोड, उठून ताक पीत बसलेली. तिच्या आईनं खपल्या मुकाट्यानं काढून दिल्या. इरम्मानं त्या कापसात गुंडाळून बांगड्यांच्या डबीत ठेवल्या. परतीच्या वाटेवर मात्र ती डबी तिला जड वाटायला लागली. कमरेला खोचली तर टोचे, हातात घेतली तर घाम फुटे. ती मठात पोचली आणि डबी पुढं न करता म्हणाली,

“स्वामी, त्या बाडात पुढं काय लिव्हलंय?”

“पुढं नावं हायेत. आजोबांनी ज्यांना टोचलं त्यांची.”

“वाचा की.”

स्वामी वाचू लागले. मधेच एखाद्या नावावर त्यांचा आवाज बारीक व्हायचा. इरम्मा शेजारी बसून पानाकडं बघत होती. तिला अक्षर येत नव्हतं, पण काही नावांपुढं काळं टिंब आहे हे तिला दिसत होतं.

“हे टिंब कशाचं?”

स्वामींनी टिंबावर बोट ठेवलं. मग म्हणाले, “ते गेले.”

“टोचून?”

“व्हय. शंभरात दोन-तीन जायचे. हे तिसरं टिंब आजोबांच्या सख्ख्या लेकीचं हाय. लपवलं न्हाय त्यांनी. पण इरम्मा, न टोचता आजार आला तर शंभरात पंचवीस जातात. तूच सांग काय करावं?”

“आन टोचलेलं पोर दुसऱ्याला लावतं का?”

स्वामींनी पान उलटलं. “लिव्हलंय इथं. ‘टोचलेल्यास घरापासून दूर ठेवावे, त्याजपासून दुसऱ्यास खरी देवी लागते.’ आपुन मठाच्या गोठ्यात ठेवू.”

इरम्मा उठली, बसली, पुन्हा उठली. दंडावर गोल वण असलेल्या पोरांना तिनं दोन वर्षं बघितलं होतं. त्यातलं एकही देवी काढल्यामुळं गेलं नव्हतं. हात सुजले, ताप आला, उतरला. आणि तिनं आपलं पोर लपवलं होतं.

“सोलापुरात लस असंल,” ती म्हणाली.

“सरहद्द वलांडून? खुळी का काय तू?”

“आमचं मानूस न्हाय न्हाय म्हनंल, पर म्या जाते. खपल्या तुमच्यापाशी ठेवा. म्या येईस्तवर हात लावू नका, स्वामी.”

स्वामींनी मान हलवली. ती हो होती की नाही, हे इरम्माला पुढं कितीतरी वर्षं ठरवता आलं नाही.

शिवप्पानं आधी आरडाओरडा केला, मग तीन भाकरी बांधून दिल्या. मोठा रस्ता सोडून ती शेताशेतानं चालली. दुसऱ्या दिवशी दुपारी सोलापूरला पोचली, तेव्हा पायाला फोड आले होते. इकडून पळून गेलेल्या माणसांची तिथं छावणी पडली होती, आणि एका मांडवाखाली कमलबाई नावाची नर्स लेकरांना देवी काढत होती. इरम्मानं तिचे पायच धरले.

“अहो, असं लस कुणाच्या हातात देत नाहीत,” कमलबाई म्हणाली. “उन्हानं ती मरते. आणि टोचणार कोण तिकडं?”

“तुमी चला.”

“मला सरहद्दीपलीकडं कोण जाऊ देईल?”

इरम्मा तिथून हलली नाही. समोर एक पोर हात सोडवून घेत किंचाळत होतं. तिनं पुढं होऊन त्याचा हात धरला, बोटं कुरवाळली, मनगट हळूच वळवलं. पोर गप्प झालं. कमलबाईनं बघितलं आणि दुसरं पोर तिच्यापुढं सरकवलं. तासाभरात साठेक लेकरं झाली असतील. मांडव रिकामा झाला तशी कमलबाई म्हणाली, “बसा इथं. बघा नीट.”

तिनं दाखवलं. दंड साध्या पाण्यानं धुवायचा, कोरडा करायचा. लसीचा थेंब ठेवायचा आणि त्यावरून हत्याराच्या टोकानं कातडी नुसती खरवडायची. “रक्त काढायचं नाही. रक्त आलं की लस वाहून जाते. पुसायचं नाही, सावलीत सुकू द्यायचं. आठव्या दिवशी टपोरा फोड आला तर लागली. काहीच आलं नाही तर लागली नाही, पुन्हा टोचायची.” इरम्मानं तिच्यासमोर चार पोरांना टोचलं. पहिल्याला रक्त आलं. चौथ्याला आलं नाही.

सहा काचेच्या बारीक नळ्या, एक टोचायचं हत्यार. कमलबाईनं ओल्या फडक्यात गुंडाळून ते एका छोट्या मडक्यात ठेवलं आणि म्हणाली, “थंडाव्यात चाला. फडकं सुकू देऊ नका.”

परतताना तिची वाट चुकली आणि ती नेमकी निजामाच्या करोडगिरी, म्हणजे जकात, नाक्यापुढं निघाली. शिपायानं बांगड्यांचं मलार उलटंपालटं केलं. मग मडक्याकडं बोट दाखवलं.

“इसमें क्या है?”

“पानी हाय, साहेब. आमच्या वाडीत देवी आल्यात. कालच एक पोर गेली. म्या तिच्या घरात व्हते.”

शिपायानं तिचं तोंड निरखून बघितलं आणि चार पावलं मागं सरला. “जा, जा लवकर!”

ती पळतच सुटली. ऊन वाढलं तशी एका विहिरीत उतरून पायरीवर मडकं घेऊन बसली, पण बसवेना. दर थोड्या वेळानं फडकं भिजवायची, नळ्या चाचपायची, आकाशाकडं बघायची. उन्हं कलायच्या आधीच पुन्हा चालू लागली.

चौथ्या दिवशी सकाळी वाडीत पाऊल टाकलं तर मठाच्या गोठ्यात दगडाबाई बसलेली दिसली. मांडीवर कडू. पोरीच्या कोपराखाली ओरखडा होता.

इरम्मानं स्वामींकडं बघितलं.

“परवा टोचलं,” स्वामी म्हणाले. “ही दारातनं उठंना. डोकं आपटून घेत व्हती. म्या काय करू?”

इरम्मानं मडकं खाली ठेवलं. तिनं सगळ्यांत आधी कडूच्या दुसऱ्या हाताला लस टोचली. मग चन्नम्माला. मग घरोघर जाऊन बाकीच्यांना. काही आया दार लावून बसल्या, त्यांच्या ओट्यावर ती बसून राहिली. संध्याकाळपर्यंत पाच नळ्या संपल्या. सहावी तिनं रांजणाखालच्या ओल्या वाळूत पुरून ठेवली.

पुढचे आठ दिवस तिनं ना धड जेवण केलं, ना एका जागी बूड टेकलं. रोज सगळे दंड बघायची. चौथ्या दिवशी काही दंडांवर लाल ठिपका उठला. आठव्या दिवशी बावीस लेकरांना टपोरा फोड होता. बाकीच्यांच्या हातावर काही नव्हतं. उन्हानं एखादी नळी मेली असणार. त्या बाकीच्यांत चन्नम्मा होती.

त्याच दिवशी कडूला फणफणून ताप भरला. मोजके नव्हे, अंगभर फोड आले. सहा दिवस दगडाबाई आणि इरम्मा गोठ्यात आळीपाळीनं तिला वारा घालत होत्या. मधेच इरम्मा उठून घरी पळायची, लेकीचं कपाळ बघायची, अंघोळ करून, लुगडं बदलून पुन्हा यायची. सातव्या दिवशी कडू गेली.

“तिला थोरलीकडनंच आधी लागलं असंल,” स्वामी म्हणाले. “तसंबी असंल ना, इरम्मा?”

“असंल. न्हाईतर म्या आनलेल्या खपलीनं असंल. कुनाला सांगता येतंय, स्वामी?”

त्यांनी बाडात कडूचं नाव लिहिलं आणि पुढं टिंब दिलं. उरलेल्या खपल्या चुलीत टाकल्या.

वाळूतली सहावी नळी तिनं आठव्या दिवशीच काढली होती. ती दुसऱ्यांदा टोचलेली लस चन्नम्माला लागली. बाकीच्या आठांपैकी पाचांना लागली. ज्यांना नाही लागली त्यातल्या एकाला देवी आल्या, पण तो वाचला, एका डोळ्यानं अधू झाला. वाडीत नंतर कुणी दगावलं नाही. बायका इरम्माच्या पाया पडायला यायच्या तेव्हा ती पाय मागं घ्यायची आणि काहीतरी काम काढून निघून जायची. दगडाबाईच्या दारावरून जाताना ती पावलं उचलून चालायची.

भाद्रपदात पोलीस ॲक्शन झाली, निजामाचं राज्य गेलं. पुढच्या हिवाळ्यात नव्या सरकारचा देवी काढणारा जळकोटाला आला, तेव्हा कुणीतरी त्याला इरम्माचं नाव सांगितलं. तेव्हापासून ती त्याच्यासोबत फिरू लागली. तो टोचायचा, ती हात धरायची. तिला पगार नव्हता, तिनं मागितलाही नाही. शिवप्पा म्हणायचा, हिला घरी बसवायचं औषध कुठं मिळत असेल तर तेवढं बघा.

दगडाबाईला दोन वर्षांनी मुलगी झाली. पोर वर्षाची झाली तेव्हा देवी काढणारा वाडीत आला. चावडीपुढं आयांची रांग लागली होती. दगडाबाई शेवटी आली, पोर काखेत. तिला बघून इरम्मानं हात मागं घेतले. ती देवी काढणाऱ्याला म्हणाली, “हिला तुमीच धरा.”

“का?” दगडाबाईनं विचारलं.

इरम्मानं पदराला हात पुसले. मग म्हणाली, “खपल्या म्या आनल्या व्हत्या, दगडाबाई.”

“तू आनल्यास, म्या लावून घेतल्या. स्वामींच्या दारात डोकं म्या आपटलं.” दगडाबाईनं पोर तिच्या मांडीत ठेवलं. “रोज इचार करते, चूक कुनाची ते मला काय कळत न्हाय. धर आता, लेकरू हालतंय.”

इरम्मानं पोरीचा हात धरला. पोर थोडी रडली, मग तिच्याच पदराशी खेळत बसली. टोचून झालं, सावलीत सुकवून झालं. दगडाबाईनं पोर उचलली आणि शेताकडं वळली. देवी काढणारा भाकरीसाठी थांबू म्हणत होता, पण इरम्मा उठून पुढच्या गावाच्या वाटेला लागली होती.