खाटेचा दुसरा धनी

आमच्या पांझरेकाठचा चिंधा १९७१ साली सुरतेला लुमावर, म्हणजे यंत्रमागावर कामाला गेला. नवागामात भाईदासशेठच्या चाळीत त्याला अर्धी खाट मिळाली. रात्री खाट चिंधाची, दिवसा दगाची. चिंधा दिवसपाळीला, दगा रातपाळीला. एक वाटेवर असे तोवर दुसरा निघालेला, किल्ली शेठकडे. सुट्टीला दगा बमरोलीला बहिणीकडे जाई. चिंधा उधना स्टेशनात बसून भुसावळकडच्या गाड्या बघे. आठ महिने दोघं एका गोधडीत निजले, पण तोंड एकमेकांचं पाहिलं नाही.

मूल जगावं म्हणून आमच्याकडे आई दगा म्हणजे दगड, असं टाकाऊ नाव ठेवते, हे चिंधाला ठाऊक होतं. तो स्वतःच चिंधी. तरी शहरात त्याला ‘दगा’चा दुसराच अर्थ ऐकू यायचा. संध्याकाळी खाट कोमट लागे, उशीत दगाच्या डोक्याची खळगी असे. चिंधा आधी उशी उलटून बघायचा, मग टेकायचा.

दगा चोरतो का बघायला एकदा त्याने आपल्या खायच्या तेलाच्या बाटलीवर कोळशाने रेघ ओढली. आठ दिवसांनी पाहिलं, तर तेल रेघेच्या वर!

चिंधाने बाटली हुंगली. यात काय मिसळलं असेल? त्याने बाटली गटारीत ओतली आणि शेठला गाठलं.

“तो राहील, नाहीतर मी.”

“अरे चिंधाभाई, तेल घटे तोय फरियाद, वधे तोय फरियाद?”

“कमी करता तर चोर म्हणून ओळखला असता, शेठ. हा वाढवतो. याला काय समजायचं?”

चिंधा जुना भाडेकरू. शेठने दगाला काढलं.

नवा भागीदार आला आणि तिसऱ्या दिवशी बाटली कोरडी. चिंधा पुन्हा तक्रार घेऊन गेला, तर शेठ हसला. “दगा जाताना बोलला ने, चिंधाभाऊचा तवा कायम कोरडा असतो. बहिणीकडून शेंगदाण्याचं तेल आणायचा, त्यातलं तुझ्यात ओतायचा.”

दुसऱ्या दिवशी अर्धी पाळी टाकून चिंधा, दगा जिथे रातपाळीला जाई त्या उधन्याच्या कारखान्यांपुढे उभा राहिला. रातपाळीची गर्दी आली तशी त्याने हाक मारली, “दगाऽऽ!”

चौघांनी मागे वळून पाहिलं.

चिंधा एकेकाचं तोंड बघत राहिला. त्याला ठाऊक होती ती फक्त उशीतली खळगी.

त्यातला एक म्हणाला, “कोन्ता दगा पाह्यजे तुले, भो?”

तेवढ्यात पाळीची घंटा झाली आणि चौघेही आत गेले.