मर्नाचं फाटक

ऑर्व्हल टिबेट्सनं आयुष्यात किती मैल कुंपण घातलं, ते त्यालाही सांगता यायचं नाही. वायोमिंगच्या आमच्या या पठारावर कुठल्याही रस्त्यानं गाडी हाका, बाजूला जे कुंपण दिसेल त्यातलं निम्मं त्याच्या हातचं. खांब ओळंब्यात, तार ताणलेली, कोपरे असे पक्के की बैलानं अंग घासलं तरी हलायचे नाहीत. मला त्या कुंपणांचा मनापासून राग आहे. पण काम चोख होतं, ते नाकारायचं कशाला?

आम्ही चारदोन माणसं सुटीच्या दिवशी जाळीची कुंपणं काढतो. पाच वर्षांपूर्वी एका शनिवारी हा आपली पक्कड घेऊन उगवला. सत्तरीला आलेला, उंच, कमरेत वाकलेला.

"तू टिबेट्स ना?" मी विचारलं. "ही जाळी तूच मारलीस."

"माहीत आहे."

"मग कशाला आलास? पहारा करायला?"

"तुम्ही उलट्या बाजूनं तोडताय," तो म्हणाला. "तार ताणात आहे. सुटली तर कुणाचा तरी डोळा जाईल. सरक."

मी सरकले. त्या दिवशी आम्ही सहा जणांनी जेवढं काढलं तेवढं त्यानं एकट्यानं काढलं, आणि जेवायच्या वेळी पिकअपमध्ये बसून डब्यातला थंड घेवडा एकट्यानंच खाल्ला.

भानगड सगळी हरणांची आहे. पुस्तकात त्यांना प्रॉन्गहॉर्न म्हणतात, खवचट लोक 'पळत्या बकऱ्या' म्हणतात. तांबूस अंग, पोट आणि ढुंगण पांढरं, नराच्या शिंगाला पुढे एक फाटा. दर हिवाळ्याच्या तोंडाशी शिंगावरचं काळं कवच गळून पडतं आणि नवं धरतं. धावायला लागली की पिकअपला घाम फोडतात. असं म्हणतात की ज्या जनावरापासून जीव वाचवायला ती एवढं पळायला शिकली, ते जनावर हजारो वर्षांपूर्वीच संपलं. पाठलाग करणारा उरला नाही, पळणं तेवढं अंगात राहिलं.

पण उडी? नाव नको. हिवाळ्यात बर्फ चुकवायला दक्षिणेकडे निघतात, वाटेत कमरेएवढ्या कुंपणापाशी येतील आणि उभी राहतील. पाय आहेत, जोर आहे, पण मोकळ्या माळावर जन्मलेल्या जनावराला वरून जायचं सुचतच नाही. खालची तार उंच असेल तर पोटावर सरपटून जातात, पाठीचे केस तिथंच सोडून. आणि मेंढ्यांची जाळी असेल, जमिनीपर्यंत आलेली, तर मग कुंपणाच्या कडेकडेनं मैलोन् मैल चालत राहतात. बर्फ पडेपर्यंत चालतात. त्यानंतर चालत नाहीत.

आता आमच्याकडचा एक कायदा सांगते. कुठं लिहिलेला नाही, पण चर्चमधल्या कायद्यांपेक्षा जास्त पाळला जातो. दुसऱ्याच्या रानातून जाताना फाटक जसं दिसलं तसं ठेवायचं. उघडं असेल तर उघडं, लावलेलं असेल तर लावलेलं. का म्हणून विचारायचं नाही. कुणाची गुरं कुठं सोडलीत ते मालकाला ठाऊक, तुम्हाला नाही. फाटकाशी खेळणारा माणूस आणि चोर यांच्यात इथं फारसा फरक करत नाहीत.

पस्तीस वर्षांपूर्वीच्या एका डिसेंबरात ऑर्व्हल हॉगलंडांच्या रानातून चालला होता. तिथली जाळी त्यानंच त्या उन्हाळ्यात मारलेली. फाटकाच्या अलीकडे नव्वदेक हरणं अडून उभी. वारा सुटला होता, आकाश शिशासारखं झालं होतं. म्हातारा हॉगलंड गावाला गेलेला. ऑर्व्हलनं पिकअप फाटकातून पलीकडे नेली, खाली उतरला, आणि कायद्याप्रमाणे फाटक लावून घरी आला. पाच दिवस वादळ चाललं. एप्रिलमध्ये बर्फ वितळलं तेव्हा जाळीच्या कडेनं ती पडलेली दिसली, एकावर एक, सगळ्यांची तोंडं दक्षिणेकडे.

त्यानं हे बायकोला, आयडेलाला सांगितलं. ती एवढंच म्हणाली, "तू उघडं टाकू शकला असतास." त्यानंतर जवळजवळ तीस वर्षं दोघं एका घरात राहिली आणि तिनं तो विषय पुन्हा काढला नाही. ती गेली, आणि वर्षभरात हा आमच्याकडे पक्कड घेऊन आला. मला त्यानं हे सगळं एका वाक्यात सांगितलं होतं. बाकीचं मी चार वर्षांत तुकड्या-तुकड्यांनी काढून घेतलं.

त्याचे जुने लोक मात्र तुटले. कॅफेत तो शिरला की टेबलावरचे हॅट खुर्च्यांवर सरकायचे, म्हणजे जागा नाही. "काय रे टिबेट्स, आज कुणाचं पाडलंस?" असं कुणीतरी मोठ्यानं विचारायचं. तो काउंटरपाशी उभ्यानं कॉफी प्यायचा आणि निघायचा. मी एकदा तिथं तोंड सोडलं, तर मलाच बाहेर ओढून म्हणाला, "तू गप्प बस. त्यांचं बरोबर आहे. त्यांची मुलं त्या मेंढ्यांवर मोठी झालीत." मला याचा फार राग यायचा.

त्याच्याशी घडाघडा बोलणारी एकच उरली होती. मर्ना हॉगलंड, त्या म्हाताऱ्याची सून, आता स्वतः विधवा, चारशे मेंढ्या आणि तीन कुत्री एकटी सांभाळणारी. बोलायची म्हणजे शिव्या द्यायची. पण देत तरी होती. हरणांच्या दक्षिणेच्या वाटेवरची शेवटची जाळी तिची, चार मैल. काढू द्यायला ती तयार नव्हती. "कोल्ह्यांना तू सांगशील का, आत येऊ नका म्हणून?" ऑर्व्हलनं दोन वर्षं तिच्या ओट्यावर बसून तिला एवढ्यावर आणलं होतं, की नोव्हेंबरच्या मध्याला मेंढ्या खालच्या रानात उतरल्या की फाटक वसंतापर्यंत उघडं राहील.

गेल्या वर्षी बर्फ लवकर आलं. नोव्हेंबरची सात तारीख, मेंढ्या अजून वरच. मर्नाच्या फाटकापाशी दीडशे हरणं येऊन थांबली, आणि रेडिओ सांगत होता की संध्याकाळपासून तीन दिवस वादळ.

ऑर्व्हल सकाळी दहाला तिथं पोचला. तिला विचारायला गेलो तर ती नाही म्हणेल, हे त्याला माहीत होतं. आमच्याकडचं तारेचं फाटक, म्हणजे काठ्यांना बांधलेली जाळी, आणि खांबावर एक तारेचा फास. त्यानं खांद्यानं काठी दाबली, फास काढला, जाळी गुंडाळून बाजूला ठेवली. दुसऱ्याचं लावलेलं फाटक उघडं टाकलं, आयुष्यात पहिल्यांदा. मग पिकअप फाटकाच्या बाजूला लावली आणि आत बसला. बेत असा की हरणं जातील, आपण मेंढ्यांवर लक्ष ठेवू, शेवटचं हरीण गेलं की लावून टाकू. मेंढी एकही जाणार नाही, मर्नाला कळणारही नाही.

हरणांनी तो बेत मोडला. त्यांची नजर म्हणजे दुर्बीण. पुढं एक थोराड मादी होती, बाकीची तिच्या मागं. तिनं पिकअप पाहिली, फुरफुरली, ढुंगणावरचे पांढरे केस फुलवले. त्याबरोबर दीडशे ढुंगणं पांढरी झाली आणि सगळा कळप पाव मैल मागं. त्यानं पिकअप दूर नेली. ती पुढं आली, थांबली. आणखी दूर नेली, तरी थांबली. तो दिसतोय तोवर ती येणार नव्हती. बारा वाजले. वारा उत्तरेकडून यायला लागला.

म्हणजे आता दोनच वाटा होत्या. फाटक लावून जायचं, नाहीतर दुसऱ्याच्या मेंढ्या आत असताना फाटक सताड उघडं टाकून, पाठ फिरवून जायचं.

तो टेकडीपलीकडे गेला, तिथं थांबला नाही, सरळ मर्नाच्या ओट्यावर गेला. पुढचं मला मर्नानंच पेट्रोल पंपावर ऐकवलं, अजून धुमसत होती.

"मर्ना, मी तुझं वरचं फाटक उघडं टाकून आलोय."

"मेंढ्या आत आहेत."

"माहीत आहे."

"तू?" ती म्हणाली. "दुसऱ्या कुणी केलं असतं तर बंदूक काढली असती. तू, ऑर्व्हल? किती वेळ झाला?"

"अर्धा तास."

"आणि इथं कशाला आलास? शाबासकी घ्यायला?"

"तुला दुसऱ्याकडून कळू नये म्हणून."

तिनं बूट चढवले, कुत्र्यांना शीळ घातली आणि गाडी काढून त्याच्या तोंडावर धूळ उडवत गेली. 'मी येतो' असं तो म्हणाला, तर "तू हलायचं नाहीस" एवढं ऐकू आलं. तो ओट्यावर उभा राहिला. तिथून फाटक दिसत नाही, मधे टेकडी आहे. दोन तास त्यानं ती टेकडी बघितली.

मर्ना परतली तेव्हा बर्फ भुरभुरायला लागलं होतं.

"सोळा मेंढ्या बाहेर होत्या. चौदा आणल्या. दोन नाहीत."

त्यानं डोक्यावरची हॅट काढून हातात धरली.

"तुझी हरणं गेली," ती म्हणाली. "दोन मागं राहिली होती, लंगडं होतं एक. मी गाडी बंद करून खाली वाकून बसले, मूर्खासारखी. ती गेली, मग लावलं."

"मर्ना..."

"नाव घेऊ नकोस. तुझ्या शब्दावर मी कुलूप लावलं नव्हतं. आजपासून लावणार. माझ्या रानात पुन्हा पाय ठेवायचा नाही, आणि या ओट्यावरसुद्धा."

"बरं," तो म्हणाला आणि निघाला.

मी चिडले होते. म्हटलं, तुझं बरोबर होतं, तिच्याशी जाऊन भांडते. तो म्हणाला, "दोन मेंढ्या गेल्या तिच्या. कसलं बरोबर?"

मे महिन्यात माद्या वितात, बहुतेक जुळं. पिल्लं सेजच्या ठेंगण्या, राखट झुडपांत वेगवेगळी लपवतात आणि आई लांब जाऊन चरते, आपल्या वासानं कोल्हा तिथं जाऊ नये म्हणून. दिवसातून काही वेळा येते, पाजते, परत लांब. ऑर्व्हल दर मे महिन्यात हे बघायला मर्नाच्या टेकडीवर बसायचा. या मेमध्ये तो मला सरकारी रस्त्याच्या कडेला सापडला, पिकअपच्या काचेवर कोपर टेकवून, दुर्बीण डोळ्यांना. टेकडी तिथून तीन मैल लांब.

"घे, बघ," त्यानं दुर्बीण दिली. "त्या राखी खडकाच्या डावीकडे. आई आली बघ पाजायला."

मी बघितलं. वाळलेलं गवत होतं, हवा थरथरत होती, आणखी काही नव्हतं.

"दिसली?"

"दिसली," मी म्हटलं.