लोकगीतातला कंडक्टर

पान उघडेना. उज्जैनच्या फ्रीगंजमधल्या सायबर कॅफेत बसून मी माझ्याच लेखाची लिंक पुन्हा पुन्हा दाबत होते आणि स्क्रीनवर दरवेळी तेच येत होतं, की असं पान अस्तित्वात नाही. आदल्या संध्याकाळी ते होतं. मी स्वतः वाचलं होतं.

“मॅडम, नेट तो बढ़िया चल रहा है,” कॅफेवाला म्हणाला. “आपका पेज ही उड़ गया.”

पान आपोआप उडत नाही. कुणीतरी ते उडवावं लागतं. मी तिथूनच मुंबईला फोन लावला.

मी मूळची रेडिओवाली. उज्जैनहून इंदूरला ये-जा करत बरीच वर्षं सरकारी रेडिओवर निवेदिका होते. मग घरोघरी केबल आली, पाठोपाठ खाजगी एफएमची हवा झाली, आणि आमच्या लोकसंगीताच्या कार्यक्रमाची वेळ दर वर्षी थोडी थोडी कापली जाऊ लागली. कार्यक्रमापेक्षा त्याची सुरुवातीची धून लांब वाटायला लागली तेव्हा मी राजीनामा दिला. मुंबईच्या एका संगीताच्या वेबसाइटला छोट्या शहरांतून हिंदीत लिहिणारं माणूस हवं होतं. मी लिहू लागले. तेव्हा तिथला लेख वाचायलाही आधी त्यांचा फाँट उतरवून घ्यावा लागे. सासूबाई विचारायच्या, “लिहितेस तर दिसत का नाही कुठे?”

आणि आता तर खरंच दिसत नव्हतं.

उडालेला लेख एका कॅसेटबद्दल होता. इंदूरच्या एका कंपनीनं माळवी लग्नगीतांचं रिमिक्स काढलं होतं, म्हणजे जुन्या गाण्याखाली नवा ठेका घालून. त्यातलं एक बिदाईचं गाणं त्या हंगामात प्रत्येक वरातीत वाजत होतं. त्यात सासरी निघालेली मुलगी देवास गेटच्या बस स्टँडवर मोटारीत बसते. बाप खिडकीपाशी उभा आहे. ती कंडक्टरला विनवते, भैया, शिट्टी एवढ्यात नको वाजवूस. कॅसेटच्या कव्हरवर गीतकार-संगीतकाराच्या जागी छापलं होतं: ‘पारंपरिक’.

हे गाणं विजयाताई निरख्यांचं. शब्द त्यांचे, चालही त्यांची. मुलींच्या शाळेत त्या संगीत शिकवायच्या. धाकट्या बहिणीला बसमध्ये बसवून आल्यावर त्यांनी ते लिहिलं आणि शाळेतल्या मुलींकडून आमच्या रेडिओवर गाऊन घेतलं. मी ते कितीदा तरी लावलं होतं. रेडिओत शिस्त अशी, की गाण्याआधी शब्द कुणाचे, चाल कुणाची आणि गाणार कोण हे सांगायचंच. एखादं नाव राहिलं तर साहेब केबिनमध्ये बोलावून झापायचे. तेव्हा त्या शिस्तीचा वैताग यायचा. ती कॅसेट हातात आली तेव्हा त्या साहेबांची फार आठवण झाली.

वेबसाइटचा संपादक कुणाल. माझ्या मुलाच्या वयाचा.

“कुणाल, माझा लेख कुठाय?”

“मॅडम, थोडा टेक्निकल इश्यू आहे.”

“फक्त माझ्याच लेखाला?”

त्यानं आवाज खाली आणला. मग म्हणाला, “त्या कंपनीचा बॅनर आहे ना आपल्या होमपेजवर.” बॅनर म्हणजे पानाच्या डोक्यावरची जाहिरातीची पट्टी.

“लेखात चूक काय आहे ते सांग.”

“चूक नाहीये. टोन हार्श आहे. तुम्ही सरळ ‘चोरी’ लिहिलंय.”

“मग काय लिहू? उसनवारी?”

“‘प्रेरित’ वगैरे करा ना. लगेच परत चढवतो.”

मी फोन आपटला. कॅफेवाल्यानं फोन उचलून आपल्या बाजूला ठेवला.

विजयाताई देवास गेटच्या मागे भाच्याकडे राहायच्या. नात्यातल्या एका लग्नात ते रिमिक्स वाजलं तेव्हा त्या आनंदानं म्हणाल्या होत्या, “अरे, हे तर माझं गाणं!” पोरं हसली. “आजी, ये तो लोकगीत है. कॅसेट पे लिखा है.” त्यांनी पुन्हा सांगितलं, तेव्हा मोठेही हसले. भाच्यानं तर बायकोला सांगितलं की मावशीला एकदा डॉक्टरला दाखवू, वय झालंय, भ्रम होतोय. हे त्यांनी शेजारच्या खोलीतून ऐकलं होतं. ती हकीकत मला सांगतानाच त्यांचा आवाज पहिल्यांदा फाटला. माझा लेख आला की तो छापून भाच्यापुढे ठेवायचा, असं आमचं ठरलं होतं.

लेख काढल्याचं सांगितलं तर म्हणाल्या, “छोड नं आता. नाव नको मला. पण ते मला झूठी समजतात गं.”

मी घरी आले तर टेबलावर एक आमंत्रण. त्याच कंपनीच्या पुढच्या कॅसेटचं प्रकाशन, फ्रीगंजच्या एका हॉटेलात, दुपारी, पत्रकारांसाठी जेवण. वेबसाइटच्या उज्जैन प्रतिनिधीला, म्हणजे मलाच, त्यांनी अगत्यानं बोलावलं होतं. मी गेले आणि विजयाताईंनाही घेऊन गेले. यायला तयार नव्हत्या. रिक्षात बसेपर्यंत “नको, नको” चाललं होतं.

कंपनीचे शेठजी हार घालून बसले होते. माळव्याची लोकपरंपरा आपण कशी वाचवतो आहोत, यावर बोलत होते. मी उभी राहिले. माइक नव्हता. मला कधी फारसा लागतही नाही.

“शेठजी, वो बिदाईवाला गीत किसका है?”

“बहनजी, लोकगीत तो सबका होता है. सैकड़ों साल पुराना है.”

“उसमें बस है. कंडक्टर है. सीटी है. सैकड़ों साल पहले देवास गेट से कौन-सी बस छूटती थी?”

आधी एक पत्रकार हसला, मग सगळी खोली. शेठजींचा चेहरा उतरला. मी छापून आणलेले लेखाचे कागद माझ्यामागे हातोहाती फिरत होते. वेबसाइटनं पान उडवलं तरी लेखाची फ्लॉपी माझ्याकडे होती.

“ये हैं विजया निरखे. गीत इनका है.”

शेठजी सावरले. गोड हसून म्हणाले, “अगर आपका है माताजी, तो गाकर सुना दीजिए. अभी फ़ैसला हो जाएगा.”

सगळे त्यांच्याकडे वळले. मला वाटलं, गातील. त्या उठल्या.

“मी नाही गाणार,” त्या आधी मराठीत म्हणाल्या, मग शेठजींकडे बघून हिंदीत, “मैं यहाँ इम्तिहान देने नहीं आई. चोरी आपने की है, जवाब आप दीजिए.”

‘चोरी’ हाच शब्द. कुणालला तोच शब्द खुपला होता, हे मी त्यांना सांगितलं नव्हतं. जेवण न घेता आम्ही निघालो.

दुसऱ्या दिवशी सकाळी उज्जैनच्या हिंदी पेपरांत कंडक्टर झळकला. अन्यायाची बातमी म्हणून नव्हे, गंमत म्हणून. मला त्याचाही राग आला, पण गमतीनंच काम केलं. शेठजींना इंदूरच्या बाजारात लोक “सीटी मत बजाना” म्हणून चिडवू लागले. कॅसेटच्या पुढच्या खेपेच्या कव्हरवर नाव आलं: गीत-संगीत, श्रीमती विजया निरखे. आधीच्या विकल्या गेलेल्या कॅसेटवर ते आजही नाही. माफी कुणी मागितली नाही.

विजयाताईंनी चष्मा लावून कव्हर वाचलं. “श्रीमती कशाला? मी लग्न कधी केलं?” भाचा आता पाहुण्यांना ती कॅसेट स्वतः लावून दाखवतो. “त्याला दाखवा म्हणावं डॉक्टरला,” त्या म्हणतात.

कुणालची ईमेल आली. माझी आणि वेबसाइटची ‘दिशा वेगळी’ असल्यामुळे यापुढे लेख नकोत. लेख परत चढला नाही. पुढे ती वेबसाइटच बंद पडली. शेवटपर्यंत तिच्या डोक्यावर तो बॅनर लुकलुकत होता.

मी दुसऱ्या वेबसाइटसाठी लिहू लागले, अजून लिहिते. लेख पाठवण्याआधी संपादकाला एकच विचारते: तुमचे जाहिरातदार कोण कोण आहेत? संपादक चिडतात. चिडू देत.